धूळ आणि काजवे

आमची सून जुने सिनेमे साफ करते. रिळावरचे ओरखडे, डाग, धूळ संगणकावर पुसून ती चित्र घरच्या टीव्हीवर बघण्याजोगं करते. राक्षस, राजकन्या, जादूचं जंगल असा एक जुना सिनेमा पहिल्यांदाच तिच्या एकटीवर सोपवला होता. सोमवारी त्याच्या डिस्क छापायला जायच्या होत्या. त्याआधी तिनं तो हिला आणि मला दाखवला.

चित्र खरोखर सुरेख होतं. राक्षसाच्या पाठीवरचा खवला न् खवला दिसत होता.

"एवढं स्वच्छ तर माझं स्वयंपाकघरही नाही," ही म्हणाली.

मग जंगल आलं. वाट चुकलेली राजकन्या थबकली, हसली आणि अंधारात चालू लागली. इथे काजवे होते, मला वाटलं. त्यांच्यामागेच ती जायची. पण मुलगा लहान असताना आम्ही हा सिनेमा घासून गेलेल्या व्हिडिओ टेपवर पाहिलेला. ते ठिपके टेपचेच असले तर? मी तर पुस्तकातलं वाक्यही पडताळल्याशिवाय सांगत नाही. शिवाय पोरीचं पहिलंच मोठं काम. सिनेमा संपेपर्यंत बघत राहिलो.

"कसं वाटलं, बाबा?"

"छान. फार छान."

"हे दोनदा छान म्हणाले की समजावं, काहीतरी घशात अडलंय," ही म्हणाली.

"माझंच चुकत असेल... ती हसते कुणाकडे बघून?"

"काजव्यां..." सून थांबली. तिनं प्रसंग मागे नेऊन पुन्हा लावला. नुसता काळाकुट्ट, स्वच्छ अंधार.

"धूळ समजून संगणकानं पुसले," ती म्हणाली. "आणि मी खवल्यांतच अडकले होते."

"मला वाटलं, काजवे यांच्याच डोळ्यांपुढे चमकले," ही म्हणाली.

सुनेनं साहेबांना फोन केला, बोलणी खाल्ली, छपाई थांबवली. दुसऱ्या दिवशी मूळ, न पुसलेला सिनेमा घेऊन ती माझ्याशेजारी बसली. त्यात पांढऱ्या ठिपक्यांचा नुसता सडा.

"हा काजवा की धूळ?"

"मला काय कळतंय?"

"तुम्हीच तर पकडलंत. आता सुटका नाही."

रिळावरचं एकेक चित्र थांबवून बघायचं; पुढच्या चित्रात थोडा सरकून दिसतो तो काजवा, एकाच चित्रात दिसतो ती धूळ, असं ठरलं. संध्याकाळपर्यंत काम बरंच उरकलं. एका ठिपक्यावर मात्र ती अडली.

"हा एकाच चित्रात आहे. धूळच."

मी चष्मा पुसून पाहिलं. राजकन्या नेमकी तिकडेच बघत होती.

"राहू द्यावा का?" मी भीतभीत विचारलं.

तिनं तो ठिपका तसाच ठेवला आणि पुढचं चित्र लावलं.