पुरुषोत्तमांचा चिमुकला फ्रेंच पक्ष

२०१७च्या हिवाळ्यात पुरुषोत्तम आणि सुलभा सहा महिन्यांसाठी परदेशात, अल्बनी या उपनगरात, लेकीकडे आले. पुरुषोत्तमांनी पुण्यात तीस वर्षं फ्रेंच शिकवलं होतं. ऐकणारं कुणी नसलं की त्यांचा जीव कासावीस व्हायचा. इथे नात त्यांच्या प्रत्येक माहितीला ‘स्वीट ॲज’, म्हणजे ‘मस्तच’, म्हणून खोलीत पळायची.

हेन्डरसन या दुसऱ्या उपनगरात दर शनिवारी सकाळी मराठी ज्येष्ठांचं मंडळ भरे. दोघंही तिथे नेमाने जाऊ लागले. त्यात दोन तट होते. गुरुनाथांना भजन हवं, आशालताबाईंना सहली. समोरच्या तटाला वेळ मिळू नये म्हणून दोघांनीही एका शनिवारचा पाऊण तास या पाहुण्याला देऊन टाकला.

पुरुषोत्तमांनी विषय घेतला, फ्रान्समधल्या एका चिमुकल्या मध्यममार्गी पक्षाचा इतिहास. दहा मिनिटांत निम्मं मंडळ पेंगायला लागलं. तेव्हा त्यांना खोडी सुचली. पक्षाचा एक पुढारी, ते म्हणाले, आल्याआल्या शेजारच्या खुर्चीवर छत्री ठेवून ती अडवायचा. साऱ्या माना गुरुनाथांच्या छत्रीकडे वळल्या. दुसऱ्या पुढारीणबाई ‘माझा विरोध नाही हं, पण’ म्हणून अर्धा तास विरोध करायच्या. आशालताबाईंचं हे वाक्य सगळ्यांना पाठ होतं; हसू आवरेना. पुढे पक्ष एकदा डाव्यांकडे झुकला, एकदा उजव्यांकडे, दर खेपेला निम्मी माणसं गळाली, आणि शेवटी पाटी आणि हे दोघेच उरले.

चहाच्या वेळी गुरुनाथ आणि आशालताबाई कोपऱ्यात कुजबुजताना दिसले. दोन वर्षांत पहिल्यांदाच. परत येऊन दोघांनी मिळून ठराव मांडला: यापुढे मंडळात व्याख्यानं नकोत, एक शनिवार भजन, एक शनिवार सहल. ठराव एकमताने मंजूर झाला. सुलभाबाईंचाही हात वर होता.

लेकीच्या गाडीत पुरुषोत्तमांनी पट्टा ओढून लावला. मग म्हणाले, “तू तरी माझ्या बाजूने राहायचंस.”

“अहो, मला भजनालाही जायचंय आणि सहलीलाही,” सुलभाबाई म्हणाल्या. “तुमची व्याख्यानं मी घरी ऐकतेच की.”

पुरुषोत्तम खिडकीकडे तोंड करून हसले. तिथले सगळे दोन वर्षं भांडत होते आणि आपण ते भांडण पाऊण तासात मिटवलं होतं, हे काही त्यांच्या नजरेतून सुटलं नव्हतं. पुढच्या शनिवारी ते भजनाला गेले आणि टाळ बेताल वाजवत बसले. गुरुनाथांनी शेजारच्या खुर्चीवरची छत्री उचलून त्यांना बसायला जागा दिली होती.