तुपाचा चमचा आणि सिपोराबाईंचा हलवा

सिपोराबाईंचा उजवा हात प्लास्टरमध्ये होता. तोंड मात्र मोकळं होतं.

"यंदा हलवा दुकानातून आण, सिपोरा," नाहूरहून नणंद रिबेकाने फोनवर ऐकवलं होतं. "तुझ्याच्याने आता काय ढवळणं व्हायचंय!"

फोन ठेवल्या ठेवल्या बाईंनी गहू भिजत घालायला लावले. रोश हशानाला, ज्यूंच्या नव्या वर्षाला, मरोळच्या नागावकरांकडे विकतचा हलवा? आणि तोही बाई जिवंत असताना?

सून डायनाने गव्हाचा चीक काढला, नारळाचं दूध पिळलं. ढवळायला शेजारची पर्पेच्युआ आली, नाताळाचं गोडधोड करून करून दंड कमावलेली. बाई स्टुलावर बसून हुकूम सोडत होत्या.

"तळाला लाग, तळाला! पाळणा हलवतेस का?"

"गप गं! हात मोडला तरी जीभ शाबूत तुझी."

हलवा कढई सोडू लागला. गुलाबी, जाड, लकाकणारा. बाईंचा ऊर भरून आला, आणि तेवढ्यात पर्पेच्युआने घरून आणलेलं चमचाभर साजूक तूप त्यात सोडलं.

"अगं मेले!"

"काय झालं? तुपाने चव येते ना!"

डायनाने कपाळाला हात लावला. बाजूच्या शेगडीवर मटण रटरटत होतं. ज्यूंना मटणाच्या जेवणात दूध-तूप चालत नाही, म्हणून तर हलव्यात नारळाचं दूध. हे कळल्यावर पर्पेच्युआचं तोंड एवढंसं झालं.

"मम्मी, रिबेकाआत्या येतीलच. दुकानातून आणू का?"

बाईंनी हलव्याकडे पाहिलं. मग मटणाकडे.

"मटण उतरव. उद्या खाऊ. बाजारात जा नि पापलेट आण, माशावर तूप चालतं. ही कढई आजपासून मटणाला नाही, वेगळ्या दुधाच्या भांड्यांत. आणि पर्पेच्युआ, रडतेस काय? थाळा घे, थाप!"

संध्याकाळी रिबेकाने टेबलावर नजर फिरवली. "सणाला मटण नाही?"

"मटण काय, कधीही मिळतं, वन्सं. वडी घ्या."

रिबेकाने एक घेतली. दुसरी घेतली.

"ढवळलं कोणी?"

"हात हिचे," बाईंनी शेजारी बसवलेल्या पर्पेच्युआकडे मानेने खूण केली, "तोंड माझं."

रिबेका हसली नाही. तिचा हात तिसऱ्या वडीकडे गेला होता. बाईंनी डाव्या हाताने थाळाच तिच्यापुढे सरकवला.