ओढ्यावर टाकलेला गोटा

माझे संपूर्ण नाव काळा गोटा, मारुतीच्या पाराचा. मुक्काम केदारखेड्याच्या पलीकडचे एक लहानसे गाव, तालुका भोकरदन, जिल्हा जालना. पूर्णा नदीच्या पात्रात मी किती काळ गडगडत होतो, याची नोंद कोणी ठेवलेली नाही. गावकऱ्यांनी बैलगाडीत घालून मला पारावर आणले, त्या दिवसापासून धरल्यास माझे वय एकशे दहा वर्षे भरते.

दगडाची भाषा इतकी शुद्ध कशी, असा प्रश्न आपल्याला पडला असेल. मला कोणी शिकवले नाही. पारावर लोक वर्तमानपत्र मोठ्याने वाचत, श्रावणात पोथी वाचत. मी ऐकत राहिलो. ही भाषा मी ऐकून ऐकून कमावलेली आहे, म्हणून ती जपून वापरतो. जे विसरून जावे असे गाव म्हणते, ते मी विसरलेलो नाही.

आमच्या गावाची रीत अशी. हनुमान जयंतीला ज्याने मला खांद्यावर घेऊन मारुतीला एक प्रदक्षिणा घातली, त्याला मानाचा फेटा बांधायचा आणि पहिला नारळ त्याने फोडायचा. ज्याने प्रयत्न केला आणि ज्याला जमले नाही, त्याने सर्वांसमोर माझ्यावर कपाळ टेकायचे. श्रीमंत-गरीब असा भेद मला ठाऊक नव्हता. मी सर्वांना सारखाच जड होतो.

बरीच वर्षे तो फेटा धुळाजीच्या डोक्यावर होता. धुळाजी गावाबाहेरच्या धनगरवस्तीवर राहणारा मेंढपाळ. त्याचा हात लागला की मला समजे, की हा माणूस वर्षभर झोपा काढून आलेला नाही.

हे काकासाहेबांच्या भुजंगला सहन होत नसे. काकासाहेब गावातील मोठे जमीनदार आणि भुजंग त्यांचा एकुलता मुलगा. मला उचलण्याचा सराव त्याने कधी केला नाही. सन एक्याऐंशीच्या जयंतीला मात्र तो तेलाची वाटी घेऊन आला, मारुतीला तेल वाहिले आणि उरलेले माझ्या अंगावर ओतले. भक्तीच ती, कोणाला शंका येणार? धुळाजीने मला छातीपर्यंत आणले आणि मी निसटलो. त्याच्या गुडघ्यावर आदळून मी पायरीवर पडलो. माझ्या कडेचा एक टवका उडाला आणि धुळाजीचा पाय जन्माचा गेला.

त्याला उचलून नेताना भुजंग म्हणाला, "धुळाजीबुवा, मेंढरं उचला आता. ती हलकी असत्यात."

मला साधन करून त्याने एका कष्टाळू माणसाला पांगळे केले. त्या दिवशी मी मनात जे धरले, ते आजही सोडलेले नाही.

पुढच्या वर्षी भुजंगने मला हात घातला. मी जागचा हललो नाही, आणि तो कपाळ न टेकताच निघून गेला. त्यानंतर काकासाहेबांनी पाराला फरशी बसवून देण्याचे जाहीर केले. काम होईपर्यंत गोटा आमच्या मळ्यात सुरक्षित राहील, असे सांगून भुजंगने मला गाडीत घातले. मळा मला दिसलाच नाही. गाडी धनगरवस्तीच्या खाली ओढ्याकाठी थांबली आणि मला चिखलात ढकलून देण्यात आले. फरशी झाल्यावर पारावर जो गोटा बसला तो दुसराच होता. आकार माझा, वजन माझ्या निम्मेही नाही. त्याला शेंदूर फासून देव करून टाकले होते. एकदा देव केल्यावर आडदिवशी हात कोण लावणार? आणि जयंतीला भुजंग पहिला पुढे होई, लीलया प्रदक्षिणा घाली, फेटा बांधून घेई आणि विचारी, "हाय का कोणी? का बांगड्या आणू?" खऱ्या गोट्यापुढे हरलेल्या लोकांचे हात पुढे येत नसत.

इकडे धुळाजीची बायको साखराबाई माझ्यावर गोधड्या आपटत होती. ज्याच्यापुढे पैलवानांनी कपाळे टेकली, त्याच्या अंगावर साबणाचा फेस! मी मुकाट्याने सोसले. मला घाई नव्हती.

एके दिवशी धुळाजी काठी टेकत ओढ्यावर आला आणि पाय धुण्यासाठी माझ्यावर बसला. त्याचा हात सहज माझ्या कडेवरून फिरला. टवक्यापाशी अंगठा थांबला. मग त्याने दोन्ही तळवे माझ्यावर ठेवले आणि डोळे मिटले.

"काय झालं वो?" साखराबाईने पिळे पिळता पिळता विचारले.

"काही न्हाई. दगड बरा हाय."

एवढेच तो बोलला. मला वाटले होते, आता तो गावात जाऊन बोंब ठोकील. तो गेला नाही. पांगळ्या मेंढपाळाचे कोणी ऐकले नसते, आणि भुजंगने दुसऱ्याच दिवशी माझे तुकडे करून घेतले असते. धुळाजीने आपल्या मुलाला, कारभारीला, बोलावले. कारभारी विशीतला, काटक. बापाचा फेटा भुजंगच्या डोक्यावर पाहून दर जयंतीला जेवत नसे.

"तुला भुजंगसमोर उभं राहायचंय ना?" धुळाजी म्हणाला. "मंग आधी हा उचल. पारावरल्या गोट्याच्या निम्मा हाय."

मला बोलता आले असते तरी मी बोललो नसतो. आम्हा दोघांचा करार तिथेच झाला.

कारभारी मेंढरे रानात घालण्यापूर्वी रोज माझ्याकडे येऊ लागला. पहिल्या पावसाळ्यात त्याला मला नुसते डुलवता आले. हिवाळ्यात मी त्याच्या गुडघ्यापर्यंत आलो. त्याचे दंड सोलले, छाती खरचटली. त्याने चिंध्या बांधल्या आणि पुन्हा मिठी मारली. मी त्याला तसूभरही सवलत दिली नाही. माझा सूड त्याच्या अंगावरून जाणार होता, पण त्यासाठी मी हलका झालो असतो तर मी आणि तो शेंदरी गोटा एकाच लायकीचे ठरलो असतो.

साखराबाई शेजारच्या म्हाताऱ्या आसराबाईला सांगे, "आमच्या घरी दोघं बी येडे. बाप दगडाकडं बघून हसतो अन् पोरगं दगडाला मिठ्या मारतं. सून आणायची गरजच न्हाई मला."

एकदा मी कमरेवरून निसटून त्याच्या पायाशी पडलो, तेव्हा कारभारी रडला. "आबा, निम्मा बी उठत न्हाई माझ्याच्यानं. त्याला मी काय खाक उचलणार? उगं जीव काढून राह्यलो."

धुळाजीचा चेहरा मी पाहिला. एक शब्द सांगितला असता तर मुलाचे रडणे थांबले असते. त्याने तो गिळला. "मेंढरं हाण," तो म्हणाला, "अन् उद्या परत ये."

तो परत आला. असे किती हंगाम गेले! मग एका सकाळी मी त्याच्या खांद्यावर होतो आणि धनगरवस्तीची सगळी घरे मला वरून दिसत होती. कारभारीने मला घेऊन ओढ्याकाठच्या बाभळीला फेरी घातली.

"आता जयंतीला जा," धुळाजी म्हणाला.

"आबा, तो तर याच्या दुप्पट."

"असू दे. जोर दुपटीचाच लाव. बिलकुल कमी करू नको."

जयंतीच्या दिवशी मी ओढ्यावरच होतो. परंतु पुढे पारावर ती हकिकत इतक्या वेळा सांगितली गेली, की मला ती तोंडपाठ आहे. भुजंगने प्रदक्षिणा घातली, बांगड्यांचा प्रश्न विचारला, आणि कारभारी पुढे झाला. साखराबाईने त्याचा सदरा धरला. "बापाचा गुडघा गेला, तुझा बी घालवतो का?"

"सोड त्याला," धुळाजी म्हणाला.

कारभारी बसला. शेंदरी गोट्याला कवेत घेतले, मारुतीचे नाव घेतले आणि आयुष्यभराचा दुप्पट जोर लावला. गोटा उठला, छातीवरून गेला, खांद्यावरून गेला, डोक्यामागून उडाला आणि काकासाहेबांच्या फरशीवर पडून फुटला. सिमेंटचे कवच, आत विटांचे तुकडे आणि गव्हाचा भुसा. कारभारी स्वतः उताणा पडला होता.

तेवढ्यात आसराबाई ओरडली, "अगं माय, देवाच्या पोटात भुसा!"

हशा थांबेना. भुजंग म्हणाला, "मला काय माहीत? गवंड्यानं केलं असंल."

"असंल," धुळाजी म्हणाला. "खरा खाली ओढ्यावर हाय. माझी बायको त्याच्यावर गोधड्या धुती. जल्दी गाडी जुंपा."

कारभारी उठून बसला. "आबा, तुम्हाला ठाऊक होतं?"

"पहिल्या दिवसापासून."

मुलाने बापाकडे असे पाहिले, की क्षणभर तो काठी हिसकावून घेईल असे लोकांना वाटले. पण गाडी आल्यावर त्याने पहिला हात मला लावला. टवका सर्वांनी ओळखला. त्याने मला खांद्यावर घेऊन प्रदक्षिणा घातली, आणि मी कित्येक वर्षांनी माझ्या जागी बसलो.

मग धुळाजी काठी टेकत पुढे आला. "भुजंगराव, आता तुम्ही उचला की. आज तेल न्हाई लावलं."

एक्याऐंशीची ती वाटी आता एकेकाला आठवू लागली. काकासाहेबांनी मान खाली घातली. भुजंगला माघार घेता येईना. त्याने मला धरले, ओढले, तोंड लाल केले. मी काहीही विशेष केले नाही. मी जेवढा आहे तेवढाच राहिलो. शेवटी रीतीप्रमाणे त्याला कपाळ टेकावे लागले. माझ्या अंगाला साखराबाईच्या साबणाचा वास होता. तो त्याने पुरेपूर घेतला. मानाचा फेटा कारभारीने बापाच्या डोक्यावर बांधला.

आता मोबाइलवर बोलणारी मुले माझ्यावर टेकून बसतात. मला उचलणारा वर्षानुवर्षे येत नाही. त्यांना माझी एकच विनंती आहे: मला नमस्कार करू नका, हात लावा. भुजंग म्हातारा झाला आहे. मी त्याला क्षमा केलेली नाही; करण्याचा विचारही नाही.

त्या जयंतीनंतर साखराबाईला धुण्यासाठी दुसरा दगड भुजंगच्या गाडीतून पोहोचवण्यात आला. पारावरच्या गोट्याला शेंदूर फासण्याची रीत बंद झाली, आणि ज्याला मला हात लावायचा असेल, तो आता कोणत्याही दिवशी लावू शकतो.