नानांनी मला तेल पाजलं

मी एक जुना टायमिंगचा पट्टा आहे. जुना म्हणजे किती? फक्त सहा वर्षांचा! हसू नका मित्रांनो, खरंच सांगतोय. तुमच्यातला सहा वर्षांचा पोरगा पहिलीत जातो आणि आमच्यातला सहा वर्षांचा म्हातारा होतो. पण मी म्हातारा असलो तरी गप्प बसणारा नाही. आयुष्यभर गप्प होतो, आता बोलून घेतो!

तर ऐका. गाडीच्या इंजिनात खाली पिस्टन वर-खाली नाचतात आणि डोक्यावर झडपा उघडझाप करतात. दोघांचा ताल जमायलाच हवा. फुगडी खेळताना एकीचा पाय चुकला की दोघी आपटतात ना, अगदी तसंच. खालचा पिस्टन उडी मारून वर आला आणि वरची झडप तेव्हा उघडीच असली, तर धाडकन टक्कर, आणि इंजिन संपलं. तो ताल सांभाळायला असतो मी. आतून मजबूत दोरे, बाहेरून काळं रबर आणि पोटाला एकसारखे दात. त्या दातांनी मी खालचं चाक पकडतो, वरचं चाक पकडतो आणि दोघांना एकत्र फिरवतो.

एका कारखान्यात जन्मलो, खोक्यात बसून जळगावला आलो आणि असोद्याच्या तोताराम नानांच्या पांढऱ्या गाडीत बसलो. नानांनी ती गाडी जुनीच घेतली होती, म्हणून मिस्तरीने आधीचा पट्टा काढून मला बसवलं. "पाच वर्षांनी हा बदला हं नाना," असं तो म्हणाला होता. नाना तेव्हा आरशाला गोंडा बांधत होते. त्यांनी ऐकलंच नाही.

आणि मग काय मजा, मित्रांनो! पहिल्यांदा इंजिन सुरू झालं तेव्हा मी असा गरगर फिरलो की आपण उडतोय असंच मला वाटलं. केळीच्या बागा, कापसाच्या गाड्या, मुक्ताईनगरची यात्रा, जळगावचा बाजार, सगळीकडे मी फिरलो. बाहेरचं काही दिसत नव्हतं, काळ्या झाकणाआड होतो ना. पण नाना गाणं म्हणायला लागले की गाडी मोकळ्या रस्त्याला लागली, हे मला बरोबर कळायचं.

शेजारच्या जीवराम आबांची गाडी आमच्याच अंगणात उभी राहायची. तिच्या इंजिनात पट्टा नव्हता, साखळी होती. टायमिंगची चेन! बाई मोठी तोऱ्याची.

"मी लोखंडाची आहे," ती म्हणायची. "इंजिनच्या तेलात रोज न्हाते. गाडी जगेल तितकी मी जगते. तुझं काय रे? पाच वर्षं आणि टाटा!"

"पण मी गुपचूप काम करतो," मी म्हणायचो. "तू किती खळखळ करतेस!"

"वेड्या, ते खळखळणंच तर कामाचं. तेल जुनं झालं, मी सैल पडले, की मी ओरडून सांगते. तुझं दुखलं तर तू कसं सांगशील?"

मी हसण्यावारी नेलं. पण मनात भीती राहिलीच. खरंच, मी कसं सांगणार?

मागच्या वर्षी नानांच्या घरात दोन जागा रिकाम्या झाल्या. नूतनताईचं लग्न होऊन ती धुळ्याला गेली. आणि भाड्याचा ट्रॅक्टर परवडायला लागला म्हणून नानांनी बैलजोडी पुतण्याला देऊन टाकली. मग पोळा आला. नाना सकाळी अंघोळ करून शिंगांना लावायच्या तेलाची वाटी घेऊन गोठ्यात गेले, आणि तसेच उभे राहिले. कोणाला लावायचं?

थोड्या वेळाने त्यांची पावलं माझ्याकडे आली. बॉनेट उघडलं. गाडीला हळदकुंकू झालं, हार झाला. मग नानांनी झाकणाचे दोन बोल्ट सोडून माझ्याकडे पाहिलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच कोणीतरी माझ्याकडे असं मायेनं बघत होतं, मित्रांनो!

"तूच तो टायमिंग ना?" नाना म्हणाले. "आमचा जुना मिस्तरी म्हणे, टायमिंग तेलावर जगतं." आणि भुईमुगाच्या तेलाची पळी त्यांनी माझ्या अंगावर ओतली.

नानांची आधीची गाडी साखळीवाली होती, ते बोलणं तिच्याबद्दल होतं हो! हे मी कोणाला सांगू? रबराला तेल म्हणजे हळूहळू भिनणारं दुखणं. अंग फुगतं, दात मऊ पडतात. पण नानांना काय माहीत? त्यांनी मग दर अमावास्येला पळीभर तेल घालायचा नेमच धरला. बैलांचा सगळा लाड माझ्या वाट्याला आला. खरं सांगू? मला दुखायचं, पण आवडायचंसुद्धा. नानांचा हात फार मऊ होता.

असं करता करता आखाजी, म्हणजे अक्षय तृतीया आली. आमच्या खान्देशात आखाजीला सासरच्या लेकी माहेरी येतात, झोके बांधतात, गाणी म्हणतात. लेकीला घ्यायला जो जातो तो मुऱ्हाळी. नूतनताईची लग्नानंतरची पहिलीच आखाजी. नानांनी फोनवर शब्द दिला होता, "बेटा, दुसऱ्या कोणाले नाही पाठवणार. मीच येतो तुले घ्यायले. दुपारच्या आत." लांबचा प्रवास म्हणून त्या सकाळी त्यांनी मला दोन पळ्या जास्तच पाजल्या आणि बायकोला, लताबाईंना, शेजारी बसवून निघाले.

जळगाव मागे पडलं. ऊन चढलं. इंजिन तापलं. आणि माझा एक दात निघाला. मग दुसरा. मी जीव मुठीत धरून फिरत होतो. मी तुटलो तर इंजिनाचा चुरा होईल, भर उन्हात हे दोघं रस्त्यावर बसतील, ताई तिकडे वाट बघत राहील! ओरडावंसं वाटलं. पण मी पट्टा. मला आवाजच नाही.

तेवढ्यात लताबाई म्हणाल्या, "अहो, भजी तळल्यासारखा वास येऊ राह्यला."

"पाळधी आली ना," नाना म्हणाले. "इथं हाटेलं आहेत."

पाळधी गेली. वास तसाच.

"अजून येऊ राह्यला."

"मग एरंडोल आलं ना आता. तिथंही तळतातच."

एरंडोल गेलं. दोन्ही बाजूंना नुसती नांगरलेली शेतं. लताबाईंनी काच खाली केली, इकडे बघितलं, तिकडे बघितलं.

"इथं कोण भजी तळू राह्यलं? ती बाभूळ?"

"तुले भूक लागली असंल."

"भूक नाही लागली. चाळीस वर्षं चुलीपाशी बसली मी. भुईमुगाचं तेल जळतंय ते मले नाही कळणार? थांबवा गाडी!"

शाब्बास लताबाई! मला आवाज नव्हता, पण माझ्या अंगावरचं तेल तापून माझ्या वतीनं बोलत होतं, आणि ते त्यांना ऐकू आलं!

पारोळ्याच्या अलीकडे कोकिळाबाईंचं गॅरेज आहे. साडीवर खाकी शर्ट, हातात पाना, चाळिशीची तरतरीत बाई. धुळ्याकडची अहिराणी बोलते, जिच्यात 'आहे'चं 'शे' होतं, आणि कोणाची भीड ठेवत नाही. नानांनी हळूहळू गाडी तिथपर्यंत आणली. तिने बॉनेट उघडलं, झाकण काढलं आणि कपाळाला हात लावला.

"नाना, हाई इंजिन शे का कढई?"

"का हो?"

"पट्टाले तेल कोणी पाजं?"

"मीच," नाना छाती काढून म्हणाले. "दर अमावास्येला. टायमिंग तेलावर जगतं ना!"

"चेनले तेल लागस, नाना! पट्टाले नही. पट्टा कोरडाच भला. तुमनी आधीनी गाडीले चेन व्हती का?"

"हो."

"मंग बठ्ठा घोळ तठेच शे." खरंच, सगळा घोळ तिथेच होता. तिने नानांचा अंगठा धरला आणि माझ्या एका दातावर ठेवला. "दाबा."

नानांनी दाबलं. उकडलेल्या शेंगेचं साल निघावं तसा माझा दात त्यांच्या बोटाला चिकटून निघून आला. 

"आज तुटी जाता हाऊ," कोकिळाबाई म्हणाली. "नवा टाकना पडी. आणि तो मनाकडे नही, धुळाले भेटी."

"पण लेक वाट बघतेय!" नाना गाडीकडे वळले. "पहिली आखाजी आहे तिची. पस्तीस-चाळीस किलोमीटर तर राह्यलं. हळू हळू नेतो ना!"

"तुमनी गाडी, तुमनी मर्जी. पण अक्काले आठे उतारी द्या."

लताबाई आधीच उतरल्या होत्या. गोड सांजोऱ्यांचा डबा मांडीवर घेऊन त्या गॅरेजच्या स्टुलावर बसल्या. "मी इथंच बसली. तुमी जा तुमच्या कढईत बसून."

नाना चावी हातात घेऊन उभे राहिले. गाडीकडे बघितलं, रस्त्याकडे बघितलं, बोटावरच्या माझ्या दाताकडे बघितलं. मग चावी कोकिळाबाईच्या हातात दिली. मित्रांनो, त्या क्षणी मला नानांचा इतका अभिमान वाटला ना!

मग नानांनी फोन काढला. नंबर लावला, कापला, पुन्हा लावला. पलीकडून ताईचा आवाज आला, "निघाले का नाना? मी बॅग भरून ओट्यावर बसलीये!"

"बेटा... मी पारोळ्याले आहे. मी चुकलो." त्यांनी फोन लताबाईंपुढे धरला. लताबाईंनी फोन घेतला आणि तेल, भजी, बाभूळ, सगळं एका दमात सांगून टाकलं. पलीकडे ताई इतकी हसली, इतकी हसली की गॅरेजभर ऐकू आलं.

"आई, पट्टाच पाहिजे ना? त्याचा फोटो आणि नंबर पाठवायला सांग. तो घेऊन मीच येते."

नाना मात्र कोपऱ्यात बसून राहिले. "बाप लेकीले आणायले जातो," ते पुटपुटत होते. "इथं लेक बापाले आणायले येऊ राह्यली. लोक काय म्हणतील? ती काय म्हणेल?"

"लोक म्हणतील, सांजोरी खा," लताबाई म्हणाल्या आणि एक त्यांच्या हातात कोंबली.

दीडेक तासाने धुळ्याची एसटी गॅरेजसमोर थांबली. नूतनताईने खांद्यावर बॅग आणि छातीशी खोका धरून खाली उडी मारली. नाना उठले आणि तिथेच उभे राहिले. मान खाली. ताई सरळ त्यांच्यासमोर येऊन उभी राहिली आणि मोठ्यानं म्हणाली, "असोद्याचे तोताराम नाना कोण हो इथं? मी मुऱ्हाळी आलीये. चला, तुम्हाला माहेरी न्यायचंय!"

आधी कोकिळाबाई हसली, मग लताबाई, मग एसटीच्या खिडकीतली माणसं. आणि मग नाना! हसता हसता डोळे पुसायला लागले. ताईने त्यांचा हात धरला तो किती तरी वेळ सोडलाच नाही.

पुढचे तीन तास काम चाललं. कोकिळाबाईने आधी सगळं तेल पुसून काढलं, चाकांवरच्या खुणा जुळवल्या, आणि मग मला उतरवून माझ्या जागी नव्याला बसवलं. मधे दोन मिनिटं आम्ही एकाच बाकावर होतो, तेवढ्यात मी त्याला नानांचं गाणं कधी सुरू होतं ते सांगून टाकलं. नाना दोन्ही हात पाठीमागे बांधून सगळं बघत होते. "बाई, ह्याची तारीख लिहून द्या," ते म्हणाले. "मोठ्या अक्षरात." ताईने ती तारीख लिहून स्टिअरिंगशेजारी चिकटवली आणि स्वतःच गाडी चालवायला बसली. चार वाजता गाडी असोद्याकडे वळली. नाना मागच्या सीटवर होते, आणि इतक्या लांबूनही मला ऐकू आलं, गाणं म्हणत होते!

मी आता इथेच गॅरेजच्या खिळ्यावर असतो. मित्रांनो, साखळी भारी की पट्टा भारी, यावर लोक माझ्यासमोर तावातावाने भांडतात, आणि मला हसू येतं. ती तिच्या जागी भारी, मी माझ्या जागी. तिला स्वच्छ तेल वेळेवर हवं, नाही तर तीही सैल पडते. मला कोरडं अंग हवं आणि वेळेवर निरोप हवा. मी दुखलो तर बोलणार नाही, म्हणून तुम्हीच विचारा. तुमच्या गाडीत आमच्यापैकी कोण आहे ते विचारा, कधी बसवलं ते विचारा. आणि कोणावर माया करायची असेल ना, तर जरूर करा, भरपूर करा. फक्त त्याला काय चालतं ते आधी विचारा.

कोणी हट्टाला पेटला, "आवाज येईल तेव्हा बघू" म्हणाला, की कोकिळाबाई मला खिळ्यावरून काढते आणि त्याचा अंगठा माझ्या दातावर ठेवते. "दाबा." एक दात निघतो. माणूस चावी काढून देतो. अजून माझे एकसष्ट दात शिल्लक आहेत, मित्रांनो. म्हणजे अजून एकसष्ट गाड्या घरी पोचवायच्यात मला!