ताजी माती

“थंयच रवा! कोणी फुडे येव नकात!”

काशिनाथ पाणंदीत आडवा उभा, हातात काठी. त्याच्यामागे रस्त्यावर टेंपो, आणि समोर घरापुढच्या खळ्यात त्याची बहीण सुनीती पिवळ्या साडीत, सगळं वऱ्हाड घेऊन. मुहूर्त कसालला, अकरा चाळीसचा. साडेनऊ वाजून गेलेले.

चूक माझी. मी लवू, शेजारी, नको तिथे नाक खुपसणारा. नवरीचा पाय मुरगळायला नको म्हणून पहाटे उठून पाणंदीतल्या खड्ड्यांत चार घमेली माती टाकली. केवढा शहाणा मी!

काशिनाथ शांतिसेनेतून श्रीलंकेला गेला होता. तिथेही म्हणे असेच माड, अशीच तांबडी माती. अशाच एका वाटेवर त्याच्या पुढे चालणारे दोघे ताज्या मातीखालच्या सुरुंगाने गेले. घरी आल्यापासून वर्षभर हा काठीने पाणंद चाचपल्याशिवाय आईला बाहेर पडू देत नाही. लोक हसतात. मीही हसलोय, खोटं कशाला सांगू?

“मियाच टाकलंय रे ती माती!” मी ओरडलो.

“कोणी सांगल्यान तुका?” त्याची नजर माझ्यावरून हलेना.

नवऱ्याचे मामा गुरुदास नवरीला न्यायला आले होते. “घराण्यात वेड आसा तर आधी सांगूक होया होता,” ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. आईने तोंडाला पदर लावला. झालं, मोडलं लग्न, मी मनात म्हटलं.

सुनीती खळ्यातून उतरली. “दादा, तू फुडे हो. मी तुझ्या पावलार पावल ठेवन येतंय.” मग वळून, “मामानू, तुमी माझ्या मागसून येवा.”

काशिनाथ निघाला. काठी टेकवायची, थांबायचं, ताजी माती टाळून पाऊल टाकायचं. त्याच पावलात नवरी. मामांनी घड्याळ पाहिलं, सुस्कारा सोडला, धोतर वर धरलं आणि तेही त्याच पावलात. मागून अख्खं वऱ्हाड एका ओळीत.

रस्त्यावर सुनीतीने त्याचा हात धरला. “तू पण चल मा.”

“नको. पाच दिवसांनी तू माहेराक परतान येतलंस. तवसर वाट मोकळी करतंय.”

टेंपो गेला. तो गुडघ्यांवर बसून बोटांनी माती उकरू लागला. मी लग्नासाठी घेतलेली नवी टोपी कडेच्या दगडी गडग्यावर ठेवली.

“काशिनाथा, ह्या कडेक मिया बसू?”

तो थोडा बाजूला सरकला.

“बस. पण सावकास उकर हां.”