शंभर पाण्यांचं तूप

मदिनाबीचा धाकटा भाऊ इसूफ सोलापूर-मंगळवेढा मार्गावर उतारूंची सर्व्हिस मोटर चालवायचा. दुपारी निघायचा, रात्री मंगळवेढ्यात मुक्काम करायचा आणि सकाळी परत फिरायचा. म्हणजे जाताना सूर्य पश्चिमेला आणि येताना पूर्वेला; दोन्ही वेळा ऊन थेट तोंडावर. त्यात ड्रायव्हरच्या बाजूला ना दार, ना पडदा. असे तीन उन्हाळे काढल्यावर मूळचा गव्हाळ पोरगा पार रापून गेला होता. सदरा काढला की छाती एका माणसाची आणि मान, हात दुसऱ्याच माणसाचे वाटायचे.

मदिनाबीला त्याचं काही वाटत नव्हतं. इसूफ चार वर्षांचा असताना आई गेली. पुढं वर्षभरात मदिनाबीचा नवराही गेला, आणि ती सोलापूरच्या बेगम पेठेतल्या माहेरच्या दोन खोल्यांत परत आली. घरोघरी बाळंतिणींना आणि तान्ह्या पोरांना न्हाऊ घालून तिनं भावाला वाढवलं. शेकडो अंगं तिच्या हाताखालून गेली होती. काळं गोरं तिला कुणी विचारलं तर ती म्हणायची, "बाळ रडतंय का, येवढंच आमी बघतो."

पण मे महिन्यात इसूफचं लग्न ठरलं आणि गडी आरशासमोरून हलेना. मुलगी मंगळवेढ्याच्या बडेसाब बांगडीवाल्यांची, सरदारबी. साखरपुडा करून आल्यापासून त्याचं एकच चाललं होतं.

"आपा, ही रापलेली कातडी कशानं निघंल?"

"निघायला काय केळ्याची साल हाय ती?" मदिनाबी हसून म्हणाली. "पंधरा दिस रजा काढ, सावलीत बस. रोज गार पाण्यानं न्हा. मसुराचं पीठ दह्यात कालवून देते, ते हळू हातानं लाव. जेवढं उन्हानं दिलंय तेवढं जाईल. घाई करू नको."

इसूफनं रजा काढली, चार दिवस मुकाट्यानं पीठ लावलं. पाचव्या दिवशी मदिनाबी एका बाळंतिणीकडं गेली असताना त्याचा दोस्त गुरप्पा आला. गुरप्पा कापडाच्या मिलमध्ये ब्लिचिंग खात्यात होता. रुमालात बांधून त्यानं पांढरी पूड आणली होती. "मळकं सूत यात घातलं की बगळ्यासारखं निघतंय बघ," तो म्हणाला. सुताला जे चालतं ते माणसाला का चालू नये, असा सरळ हिशेब दोघांनी केला. पूड पाण्यात कालवली, इसूफनं ती तोंडाला, मानेला, हातांना चोपडली आणि घोसाळ्याच्या वाळक्या जाळीनं घासघास घासली.

मदिनाबी परत आली तेव्हा गुरप्पा दारात हात चोळत उभा होता आणि न्हाणीतून इसूफचं कण्हणं ऐकू येत होतं. पुडीच्या उग्र वासानंच तिला काय झालं ते कळलं. तिनं पदर खोचला, रांजणातलं गार पाणी तांब्यानं त्याच्या अंगावर ओतायला सुरुवात केली. ना साबण, ना पीठ, ना घासणं. नुसतं पाणी. रांजण संपला तेव्हा गुरप्पाला घागरी घेऊन नळावर पिटाळलं. अर्धा तास ती ओतत होती.

"आपा, आग होतीय गं," इसूफ लहान पोरासारखा म्हणाला.

"व्हय रं राजा. डोळे मिट. अजून थोडं."

मग मऊ धोतरानं अंग न पुसता नुसतं टिपलं. तांब्याच्या ताटात तूप घेतलं, त्यात पाणी घालून तळहातानं फेटलं, पाणी टाकून दिलं, पुन्हा नवं पाणी घातलं. शंभर वेळा. शेवटी ताटात लोण्याहून हलकं, पांढरंशुभ्र, थंडगार मलम उरलं. ते लावता लावता मात्र तिचे डोळे भरून आले.

"कशापायी केलंस रं हे?"

इसूफनं तोंड फिरवलं. "कुणाला सांगू नको आपा. तुला माझी शपथ हाय."

आठवड्याभरात आग शमली, पण कातडीचे पापुद्रे सुटले आणि खाली फिकट गुलाबी चट्टे उमटले. गालावर एक, कपाळावर एक, मानेवर तीन-चार. भोवतालच्या रापलेल्या रंगात ते पांढरेच दिसायचे. शुक्रवारी इसूफ नमाजला गेला, तिथं बडेसाबांच्या नात्यातल्या कुणीतरी त्याला पाहिलं. रविवारच्या मोटरनं मंगळवेढ्यात बातमी पोचली: नवरामुलाला कोड फुटलंय.

मंगळवारी सकाळी बडेसाब आणि त्यांची बायको दारात उभे राहिले. मदिनाबीनं बाजेवर सतरंजी घातली, चहा केला. कपाला कुणी हात लावला नाही.

"मदिनाबी, पोराला जरा उजेडात बोलवा," बडेसाब म्हणाले. माणूस वाईट नव्हता, पण त्याचा आवाज कोरडा पडला होता.

इसूफ अंगणात आला. बडेसाबांनी त्याची हनुवटी धरून तोंड इकडं वळवलं, तिकडं वळवलं. "तुमच्या घराण्यात हे कुणाला होतं? आईकडं? बापाकडं?"

मदिनाबीनं खरं सांगावं तर शपथ मोडत होती, न सांगावं तर लग्न मोडत होतं.

"कुणाला नाही," ती म्हणाली. "पण कशानं झालं ते त्यालाच विचारा. इसूफ, मी बोलनार न्हाय. तूच बोल."

इसूफ पायाच्या अंगठ्यानं माती उकरत राहिला. मग खाली बघूनच त्यानं सगळं सांगितलं, मिलची पूड, घोसाळं, आग. "साखरपुड्याला बायकांत कुणीतरी म्हनालं, नवरा म्हंजी तव्याचा भाऊच हाय की. सगळ्या हसल्या. सरदारबी तितंच बसली हुती. मला वाटलं, माझ्यापायी तिला हसू नये कुणी."

बडेसाब थक्क होऊन बघत राहिले. त्यांना हसू येत होतं, आणि हसायची लाजही वाटत होती. त्यांच्या बायकोनं मात्र पदर तोंडावर ओढला होता.

"मीच म्हनाले हुते ते," ती हळूच म्हणाली. "चेष्टेत. माझ्या नवऱ्याला काय मी गोरा म्हनून केलं व्हय? जिभेला हाड नसतंय, बाबा. माफ कर."

"तसं काय न्हाय, अम्मा," इसूफ पुटपुटला. तो तिला पहिल्यांदाच अम्मा म्हणाला होता, आणि ते त्याच्या ध्यानातही आलं नाही.

ती उठली, त्याच्या जवळ गेली आणि गालावरचा चट्टा न शिवता बघत राहिली. "काल घरात सगळ्यांनी गोंधळ घातला. लग्न मोडा, माणसं पाठवा. पोरगी कोपऱ्यात बसून ऐकत हुती. निघताना माझ्याजवळ आली अन् येवढंच म्हनाली, अम्मी, त्याला दुखत असंल का, ते विचारून या."

इसूफचे कान लाल झाले.

"मग? काय सांगू तिला?" ती म्हणाली.

"आता न्हाय दुखत म्हनावं."

बडेसाबांनी घसा खाकरला आणि गार झालेला चहा एका दमात पिऊन टाकला. त्यांच्या बायकोनं मदिनाबीकडून तुपाची सगळी रीत विचारून घेतली: ताट तांब्याचंच का, पाणी किती वेळा बदलायचं. बांगड्यांच्या भट्टीजवळ बसणाऱ्या तिच्या दिराचे हात सारखे भाजत होते.

लग्न ठरल्या दिवशीच झालं. हळदीच्या वेळी बायका ताटं घेऊन पुढं आल्या, तेव्हा मदिनाबी भावाच्या पुढ्यात उभी राहिली. "हाता-पायांना लावा. तोंडाला बोट लावायचं न्हाय कुनी." बायका कुरकुरल्या, शकुन-अपशकुन काढायला लागल्या. ती तसूभर हलली नाही. चट्टे तेव्हाही स्पष्ट दिसत होते, आणि तसल्या कबऱ्या तोंडानंच इसूफनं निकाह कुबूल केला.

पावसाळ्यात नवी कातडी आली, जुन्यात मिसळली. पुढच्या उन्हाळ्यात तो पुन्हा रापला, अगदी पहिल्यासारखा. सरदारबीनं मोटरीच्या उजव्या बाजूला लावायला जाड गोणपाटाचा पडदा शिवून दिला. तो वाऱ्यानं फडफडतो म्हणून इसूफ अर्ध्या वाटेत गुंडाळून ठेवायचा आणि सोलापूर जवळ आलं की पुन्हा सोडायचा.

सकाळी अकराच्या सुमाराला तो यायचा, धुळीनं माखलेला, मान तापून लाल झालेली. सवयीनं मदिनाबी उठायला जायची. पण तोवर सरदारबी न्हाणीशी पाणी भरून उभी असायची.

"हळू ओत गं," मदिनाबी आतून सांगायची. "आधी पायांवर. तापल्या अंगावर एकदम डोक्यावर घेऊ नये."

"व्हय, आपा," बाहेरून आवाज यायचा, आणि मग पाण्याचा.