चार दिवस रिकामी फळी

सकाळी सातलाच बाइंडरच्या घरात खळीचा वास सुटला होता. पुढच्या खोलीत बापाचं पुस्तक-बांधणीचं काम चाले आणि मुलगी घडी घातलेले छापील फर्मे शिवून द्यायची. अंगाने बारीक म्हणून लहानपणी बापाने ठेवलेलं ‘काडी’ हे नाव तिला बाविसाव्या वर्षीही चिकटलेलं होतं.

गोळी घ्यायला काडीने फळीवर हात फिरवला. फळी रिकामी होती.

“आई, माझी गोळी?”

“हळू बोल!” आईने आतल्या खोलीकडे पाहिलं. काडीला सांगून आलेल्या मुलाची आई मुलगी नीट पारखायला म्हणून चार दिवस राहायला आली होती. “त्या जाईपर्यंत नको घेऊस. रोजची गोळी म्हटलं की झालीस रोगी.”

“डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या, एक दिवससुद्धा...”

“डॉक्टरीणबाई जमवणार आहेत का तुझं लग्न?”

गोळीबद्दल लिहिलेलं कार्डही आईने तिच्या पर्समधून काढून घेतलं होतं. रिकामी फळी बापाला दिसली. तो मान खाली घालून पुठ्ठा कापत राहिला.

दुसऱ्या दिवशी काडीचे हात जड झाले. उभी राहिली की डोळ्यांपुढे अंधारी यायची. पाहुणी दारात उभी राहून बघत होती.

“सुई हातात घेऊन झोपतेस की काय गं? पुस्तकाला स्वतःची ओढणी शिवून ठेवशील!”

आई घाईने हसली. “जागरण झालंय तिला, विहीणबाई.”

“अजून विहीण झाले नाही हो मी,” पाहुणी म्हणाली.

तिसऱ्या दिवशी काडीला ताप भरला, पोटात कळा येऊ लागल्या, घोटभर पाणीही उलटून पडू लागलं. आई सगळ्यांना सांगत राहिली, “पित्त झालंय.” चौथ्या दिवशी सकाळी काडी फर्म्यांच्या ढिगावर कोसळली. तिचं अंग गार पडलं होतं आणि हाकेला ओ येत नव्हती.

दवाखान्यात नवीन डॉक्टर होते. रक्तदाब बघून त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या. “रोजचं काही औषध चालू आहे?”

पाहुणी शेजारीच उभी होती. आई म्हणाली, “नाही.”

“कधी स्टिरॉइडच्या गोळ्या घेतल्या होत्या?”

“नाही हो. आमच्या मुलीला काहीच नाही.”

“आहे!” बापाचा आवाज फुटला. “आहे साहेब! दम्यासाठी सहा वर्षं घेत होती. आता दुसरी आहे, रोजची. चार दिवस दिलेली नाही. मला दिसत होतं, मी बोललो नाही. काढ ती पाकिटं!”

आईने कंबरेला खोचलेली गोळ्यांची पाकिटं बाहेर काढली. चार दिवस तिने ती अंगावरच वागवली होती.

लगेच इंजेक्शन दिलं, सलाइन लावलं. दुपारी काडीने डोळे उघडले. नेहमीच्या डॉक्टरीणबाई आल्या आणि बापाजवळ बसल्या.

“समजा, तुमच्या दुकानात सहा वर्षं बाहेरून बांधलेली पुस्तकं येत राहिली. तुम्ही कारागिरांना काम सांगाल?”

“कशाला सांगेन?”

“आणि एके दिवशी बाहेरचा माल बंद झाला तर?”

“कारागीर बसूनच राहतील. हुकूम द्यायची सवयच गेलेली.”

“हिच्या शरीरात तेच झालंय. मेंदूखालची एक लहानशी ग्रंथी हुकूम देते आणि मूत्रपिंडांवरच्या ग्रंथी कॉर्टिसोल बनवतात. त्यावर रक्तदाब टिकतो, ताकद राहते, आजारपण सोसतं. दम्याच्या गोळ्यांतून तसंच द्रव्य बाहेरून मिळत राहिलं आणि हुकूम सुटायचाच थांबला. म्हणून रोजची गोळी. ताप आला तर मी लिहून दिलंय तशी वाढवायची. उलट्या झाल्या तर थेट इंजेक्शन. एवढं सांभाळलं तर मुलगी सगळं करील. यात लाज कसली?”

दुसऱ्या दिवशी पाहुणी खाटेजवळ बसली. तिचा आवाज मऊ झाला होता. “पोर मला पसंत आहे. गोळी घेऊ दे, पण लपून. माझ्या मुलाशिवाय घरात कुणाला कळायला नको.”

आईचा चेहरा उजळला.

“नको, काकू,” काडी म्हणाली. आवाज बारीक होता, पण अडखळला नाही. “मी बेशुद्ध पडले आणि तो घरी नसला, तर डॉक्टरांना कोण सांगणार? बाबांनी सांगितलं मला, काल माझी आई माझ्या उशाशी उभी होती. तिलाही सांगता आलं नाही.”

आई तोंडाला पदर लावून भिंतीकडे वळली. पाहुणी त्याच दुपारी निघून गेली.

घरी आल्यावर बापाने गोळीचं ते कार्ड आईकडून घेऊन जाड पुठ्ठ्यावर चिकटवलं, कडेला लाल कापड लावलं आणि पुढच्या खोलीत, फळीच्या वर टांगलं. आठवड्याने वह्या न्यायला आलेली एक बाई ते बघून म्हणाली, “हे काय हो? कुणाला काय झालंय?”

काडीने सुई थांबवली. बापाने कात्री खाली ठेवली.

 आई हात पुसत पुढे आली. “माझ्या मुलीला,” ती म्हणाली. “बसा, सांगते.”